कपाटं मळवणारा जावई

रंगाच्या डब्याच्या झाकणाला ओघळ सुकत जातात. पहिल्या वर्षी नुसता पातळ पापुद्रा असतो, दहा वर्षांनी झाकणच बसेनासं होतं. किश्श्यांचंही तसंच आहे. डिचोलीतल्या आमच्या दुकानात चार वाजता चहा येतो, कुणीतरी म्हणतं, "अरे, तो भटजी आठवतो का?" आणि मग झाकण काही बसत नाही!

आम्ही म्हणजे तिघं. मी रमाकांत, पेंटर. भिकू मेस्त हा सुतार, पेडण्याचा. आमच्याकडे सुताराला, कसबी कारागिराला मेस्तच म्हणतात. आणि दत्तू. तो गडहिंग्लजहून एका बांधकामावर आला होता, आठ दिवस आमच्याकडे काचपेपर मारायला म्हणून थांबला, तो अजून थांबलेलाच आहे. दुकान सुरू केलं तेव्हा गोवा नुकतंच राज्य झालं होतं आणि भाषेवरून घराघरांत वाद चालले होते. आमच्या बाकावर भिकू पेडण्याचं बोलायचा, दत्तू कोल्हापूरचं, मी गिऱ्हाईक बघून. तिघांना एकमेकांचं सगळं कळायचं. फक्त चहा सांगायची पाळी कुणाची, तेवढं कळायचं नाही.

आमचं खास काम म्हणजे ग्लेझ. लाकडी कपाट आधी क्रीम नाहीतर फिकट हिरव्या रंगात चांगलं गुळगुळीत रंगवायचं. मग अळशीचं तेल, टर्पेंटाइन आणि चिमूटभर तपकिरी रंग असं पातळ मिश्रण त्यावर फिरवायचं, आणि ते ओलं असतानाच मऊ फडक्यानं पुसून काढायचं. सपाटीवरचा रंग जातो, नक्षीच्या खाचांत आणि कोपऱ्यांत राहतो. कपाट एकदम खानदानी दिसायला लागतं. शेवटी वरून व्हार्निश.

हे मला म्हापशाच्या इनास मेस्तनं शिकवलं. त्याचं आयुष्य देवळातल्या आणि चर्चमधल्या वेद्या रंगवण्यात गेलं होतं. पहिल्याच दिवशी त्यानं माझ्या हातातला ब्रश काढून घेतला आणि फडकं दिलं. "लावप कोणाकय जमता," म्हणाला, "पुसप शिक."

दत्तूनं पहिल्यांदा हे काम बघितलं तेव्हा हातातला काचपेपर खाली ठेवला. मग म्हणाला, "मालक, लावायचं आन् लगीच पुसायचं? मग लावायचंच कशाला?"

मी त्याला अर्धा तास समजावून सांगितलं. त्यानं मान डोलावली आणि भिकूला विचारलं, "मेस्त, तुमास्नी कळलं का काय?"

*

पण दत्तूचं काय घेऊन बसलात! माझं खरं दुखणं घरातच होतं.

माझी सासुरवाडी कारापूरला. सासऱ्यांचं तिथं लहानसं भुसारी दुकान होतं, गूळ, तेल, सुपारी असं. आणि सासूबाई म्हणजे अख्ख्या कारापुरात सगळ्यात स्वच्छ बाई. त्यांच्या अंगणात पान पडलं तर झाडालाच ओरडा बसायचा. जावई सरकारी नोकरीतला मिळावा अशी त्यांची फार इच्छा होती. मिळाला मी, नखांत रंग घेऊन फिरणारा. त्यांनी तोंडानं कधी अपमान केला नाही, पण मी कदेलीवर, म्हणजे खुर्चीवर, बसून उठलो की ती कदेल पुसली जायची.

आमच्या पहिल्या मुलीच्या वेळी त्या डिचोलीला आमच्याकडे राहायला आल्या. सासूबाईंनी आपलं काम बघावं म्हणून मी आठ दिवस आधीच स्वयंपाकघरातलं कपाट रंगवायला काढलं होतं. क्रीम रंग, खाचांत तपकिरी ग्लेझ. इतका सुरेख हात त्यानंतर माझा क्वचितच बसला असेल. व्हार्निश तेवढं उद्या मारायचं होतं.

सकाळी उठून स्वयंपाकघरात गेलो तर रॉकेलचा वास. कपाट पांढरंफटक. सासूबाई घाम पुसत उभ्या आणि माझ्या बायकोला सांगताहेत, "सुलभा, घर नीट ठेवूक शिक गो. कोपऱ्याकोपऱ्यात चार वर्सांचो मळ! अर्ध्या तासात काढलंय."

मी कसाबसा म्हणालो, "आई, तो मळ नव्हता. तो मीच लावला होता."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागानं नाही, अगदी काळजीनं. आणि विचारलं, "कित्याक?"

'लावायचंच कशाला' म्हणणारा दत्तू होताच, त्यात आता सासूबाई! त्या कारापूरला परत गेल्या आणि आठवड्याभरात तिथं माझी कीर्ती पसरली. बाजारात एकानं हसून विचारलंच, "कपाटां मळवतंत ते जावई तुमीच काय?" त्या दिवशी मी मनाशी ठरवलं, एक ना एक दिवस कारापूरच्या घरातलं कपाट मी करणार, आणि सासूबाईंच्या तोंडून "बरा झाला" एवढं तरी ऐकणार.

*

आता तो भटजी.

आमच्याकडे घरं रंगवायची ती चवथीच्या आधी. गणपती यायच्या आत सगळं नवं दिसलं पाहिजे. पण चवथ येते श्रावण संपल्यावर, हवा ओली गच्च असते आणि तेलाचा ग्लेझ त्या दिवसांत सुकायचं नाव काढत नाही. हे दर वर्षी गिऱ्हाइकाला सांगायचं, आणि दर वर्षी त्यानं म्हणायचं, "ता माका माहीत ना, चवथीक जाय!"

सर्वणच्या एका शिक्षकांचं काम असंच घेतलं. देवासमोरच्या खोलीतलं मोठं कपाट, दारावर कोरलेली वेलबुट्टी. चवथीच्या आदल्या दिवशीसुद्धा खाचांतला रंग बोटाला लागत होता. मास्तरांनी टेबलफॅन लावला. काकूंनी निखाऱ्यांची शेगडी आणून ठेवली. घरातली माणसं दोन दिवस कपाटाच्या बाजूनं पाठ भिंतीला लावून आडवी चालत होती. जो येईल तो विचारायचा, "सुकला काय?" आणि आत कुठूनतरी उत्तर यायचं, "ना अजून!"

चवथीच्या सकाळी भटजी आले. वाड्यावरच्या बारा घरांच्या पूजा त्यांना करायच्या होत्या आणि हे पहिलंच घर. सोवळं नेसलेले, पाठ उघडी. नैवेद्याला वेळ होता म्हणून पाटावर बसल्या बसल्या ते निवांत मागं टेकले. कुणाचं लक्षही गेलं नाही. भटजी पूजा आटोपून, दक्षिणा घेऊन गेले, आणि मग मास्तर कपाटाकडे बघून ओरडले, "अरे, हांगचा फूल खंय गेला?"

फूल भटजींच्या पाठीवर! देठ, पाकळ्या, दोन पानं, सगळं स्वच्छ उठलेलं. भटजींना पत्ता नाही. ते आपले घरोघर आरत्या म्हणत फिरत होते, आणि मागं उभी असलेली माणसं हातातल्या टाळांसकट त्या फुलाकडे बघत होती.

मी तर तोंड लपवायच्या तयारीत होतो. पण चवथ झाल्यावर सर्वणहून चार जण दुकानात आले. त्यातली एक बाई म्हणाली, "आमकां भटजीच्या पाठीवरला डिझाइन जाय."

*

भिकू मेस्तला एका गोष्टीचा भारी गर्व. कुठलंही लाकूड तो म्हणे नुसतं बघून ओळखतो. हात लावायची गरज नाही!

डिचोलीतल्या एका रिटायर्ड हेडमास्तरांकडे लोखंडी कपाट होतं. त्यांना ते लाकडाचं दिसायला हवं होतं. ग्लेझमध्ये तेही करता येतं. पिवळट रंगावर तपकिरी ग्लेझ लावायचा आणि ओला असतानाच त्यातून फणी ओढायची, म्हणजे लाकडासारख्या रेघा उठतात. आमची फणी नेमकी दुकानात राहिली होती. दत्तूनं खिशातून स्वतःचा कंगवा काढला, दोन दात मोडलेला. त्या मोडक्या दातांमुळं अशी झकास शीर उठली की हेडमास्तर स्वतः स्टूल घेऊन समोर बसले.

चार दिवसांनी भिकू आम्हा दोघांबरोबर तिथं गेला. त्याला काही सांगायचं नाही असं दत्तूनं मला बजावलं होतं. भिकू दारातच थांबला, डोळे बारीक केले. "सागवान," म्हणाला, "आणि आताचा न्हय. चाळीस वर्सां आदलो. असो सागवान आता गावना नाय."

हेडमास्तरांनी गंभीर चेहऱ्यानं विचारलं, "मेस्त, नक्की?"

"नक्की म्हंजे? तीस वर्सां ह्याच कामात आसंय!" असं म्हणून भिकूनं कपाटावर बोटाची गाठ वाजवली.

ठण्ण!

दत्तू भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. हेडमास्तरांनी चष्मा पुसायला घेतला. भिकूनं कपाटाकडे बघितलं, आमच्याकडे बघितलं, पुन्हा एकदा वाजवलं. आणि चेहऱ्यावरची सुरकुतीसुद्धा न हलवता म्हणाला, "बघ! किती सुकलो आसा!"

*

एक बँकेतले साहेब भेटले होते. त्यांच्या स्वयंपाकघरात आठ दारांचं कपाट. आठही दारं अगदी सारखी हवीत, ही त्यांची अट. आता ग्लेझ हातानं पुसायचा असतो. एका दारात कोपरा थोडा गडद राहतो, दुसऱ्यात थोडा फिका, त्यातच त्याची मजा असते. साहेब संध्याकाळी बँकेतून आले की फूटपट्टी घेऊन बसायचे. "तिसऱ्या दाराचा डावा कोपरा पाव इंच जास्त काळा आहे. आणि सातव्याचा कमी."

मी तिसरं दार तीन वेळा पुसलं. ते सारखं झालं तर पाचवं वेगळं वाटायला लागलं. पाचवं केलं तर पहिलं. चौथ्या दिवशी माझं डोकं फिरलं. फडकं खाली ठेवून आता काहीतरी बोलणार, तेवढ्यात आतून त्यांच्या बायकोचा आवाज आला.

"अहो, सोळा वर्षं रोज सकाळी दाढी करता. दोन्ही कल्ले एकदा तरी सारखे झालेत?"

साहेबांचा हात आपोआप कानापाशी गेला. फूटपट्टी त्यानंतर मला दिसली नाही.

*

मोरजीला समुद्राजवळ एका गृहस्थांनी परदेशी पाहुण्यांसाठी चार खोल्या बांधल्या. पाहुण्यांना जुन्या वस्तू आवडतात असं त्यांना कुणीतरी सांगितलेलं. भिकूनं चार नवी कपाटं केली आणि आम्ही तिघांनी चार दिवस खपून ती जुनी केली. निळा रंग, त्यावर ग्लेझ, कडा काचपेपरनं जरा उडवलेल्या. आमच्या मते तर शंभर वर्षांची वाटत होती.

एक उंच परदेशी गृहस्थ पहिले पाहुणे म्हणून आले. कपाटाकडे बघून हसले, मान हलवली, ठीक आहे म्हणाले. दुसऱ्या दिवशी सकाळी ते घरामागं गेले आणि तिथून त्यांचा आनंदाचा आवाज आला. आम्ही धावलो. घरमालकांनी पूर्वीच्या घरातलं खरं जुनं कपाट मोडीत काढून मागं आडवं टाकलं होतं आणि त्यात कोंबड्या ठेवल्या होत्या. पाहुणे त्याच्यासमोर गुडघ्यावर बसून फोटो काढत होते. रंग कुठं उडालेला, कुठं चकाकलेला, खाचांत तपकिरी काळपट थर. खरं सांगतो, मलाही हेवा वाटला.

त्यांनी इंग्रजीत विचारलं, हे फिनिशिंग कुणी केलं? मालकांनी लाजत लाजत प्रश्न आपल्या आईला सांगितला. म्हातारी कोंबड्यांना दाणे टाकत होती. तिनं वरसुद्धा बघितलं नाही.

"कोंब्यांनी. पंधरा वर्सां लागली तेंका," म्हणाली. मग आम्हा तिघांकडे हात करून, "ह्ये चार दिसांत करूक बघतत!"

दत्तू परत येताना बसमध्ये बराच वेळ विचार करत होता. म्हापशाच्या स्टॉपला म्हणाला, "मालक, आपण कोंबड्या पाळूया काय?"

*

आता कारापूरचं कपाट.

ते सासऱ्यांच्या लग्नातलं. फणसाच्या लाकडाचं, दोन दारांचं, फिकट हिरव्या रंगाचं. पेंटरचा डोळा वाईट असतो, घरात शिरल्यावर माणसांआधी वस्तू दिसतात. मला पहिल्याच दिवशी त्या लख्ख घरात एकच डाग दिसला होता. कपाटाच्या डाव्या दारावर, खांद्याच्या उंचीला, पंजाएवढा काळपट.

तो सासऱ्यांचा. मी त्यांना मामा म्हणायचो, सुलभा दादा म्हणायची. मामा दुपारी दुकानातून घरी यायचे. हाताला गूळ, तेल, सुपारीची धूळ. यायचे ते सरळ कपाटाकडे. डावा हात डाव्या दारावर टेकायचा, उजव्या हातानं वरच्या फळीवरचा पानाचा डबा काढायचा. आणि आतून सासूबाई ओरडायच्या, "हात धुवन येवा म्हणान किती येळा सांगू!" मामा पान लावून झोपाळ्यावर जाऊन बसायचे. सासूबाई ओलं फडकं घेऊन यायच्या आणि डाग घासायच्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. आमच्या लग्नाआधीपासून तेच, नंतरही तेच.

मामा मात्र माझ्या बाजूचे होते. सामान घ्यायला डिचोलीला आले की दुकानात बाकावर बसायचे आणि मी कसा पुसतो ते बघत राहायचे. एकदा मला जवळ बोलावून हळूच विचारलं, "रमाकांत, असो रंग आसा काय रे, जो हिच्या हातान जावचो नाय?"

मी म्हणालो, "आहे की मामा. तुमच्या डागावर व्हार्निशचा एक हात मारू? मग आईंनी जन्मभर घासलं तरी जाणार नाही."

मामा खुश होऊन हसले. मग थोडा विचार केला आणि मान हलवली. "नको रे. मगे ती दिसभर करतली काय?"

पुढं दोन पावसाळ्यांनी मामा गेले. दुकानातच, दुपारी घरी निघताना. मला वडील लहानपणापासूनच नव्हते. मामांच्या जाण्यानं मी रडलो ते जावई म्हणून नाही.

वर्ष झालं. मेव्हणा नंदू माझ्याकडे आला. सासूबाई आठ दिवसांसाठी पेडण्याला बहिणीकडे गेल्या होत्या. तेवढ्यात घर रंगवून घेऊया, कपाटसुद्धा करूया, आई खुश होईल, असं त्याचं म्हणणं. मी तर त्याची वाटच बघत होतो! दुकानातली सगळी कामं बाजूला ठेवली. ग्लेझ लावायचा नाही, एकही कोपरा काळा ठेवायचा नाही, सासूबाईंना आवडेल तसं लख्ख करायचं, असं ठरवलं. दत्तूनं दोन दिवस काचपेपर मारला. लाकडाच्या भेगांत लांबी भरली, घासली, पुन्हा भरली. तोच फिकट हिरवा रंग, तीन हात. आरशासारखं कपाट झालं. असं निर्मळ काम मी जन्मात केलं नव्हतं.

सासूबाई आल्या. पिशवी खाली ठेवली आणि कपाटासमोर उभ्या राहिल्या. आम्ही सगळे मागं. त्यांनी दोन्ही दारांवरून नजर फिरवली आणि म्हणाल्या, "बरा झाला."

इतकी वर्षं जे ऐकायचं होतं ते ऐकलं, आणि काय सांगू, अजिबात बरं वाटलं नाही. त्या आत गेल्या आणि बराच वेळ बाहेर आल्या नाहीत.

महिन्याभरानं सुलभा माहेरी जाऊन आली. रात्रीचं जेवण वाढताना म्हणाली, "आई कपाट पुसत नाही."

"म्हणजे?"

"सगळं घर पुसते. दारं-जनेलं पुसते, कदेली पुसते. कपाटाला हात लावत नाही. दुपारी दोन वाजले की फडकं घेऊन तिथं जाते, उभी राहते आणि परत येते."

मी घास तसाच ताटात ठेवला. वर्षभरात त्या बाईनं घराचा कोपरान् कोपरा घासला होता, आणि तरीही दत्तूनं काचपेपर हातात घेतला तेव्हा तो डाग त्यांनी दारावर तसाच राहू दिलेला होता. मी स्वतः त्याला सांगितलं होतं, "इथं जरा जास्त घास." सगळी अक्कल खाचा आणि कोपरे बघण्यात घालवली आणि हे मला दिसलं नाही! मला माझाच राग आला.

नंदूला निरोप धाडला. तो आईला घेऊन साखळीच्या बाजाराला गेला, तेवढ्या वेळात आम्ही दोघं कारापूरला. मी ग्लेझ कालवला. तपकिरी, त्यात थेंबभर काळा, जरासा पिवळा. उंची मला माहीत होती, पण नेमका आकार आठवेना. सुलभा शेजारी उभी राहून सांगत होती. "थोडा वर. दादा पंजा उघडा टेकायचे. अंगठा बाहेर असायचा. नाही, एवढं काळं नव्हतं, कडेला फिकट होत जायचं." मी लावत होतो, पुसत होतो. इनास मेस्तनं शिकवलेलं सगळं त्या पंजाएवढ्या जागेत लागलं. मध्येच सुलभाचा आवाज बंद झाला. मी वळून बघितलं तर ती तोंडावर पदर धरून उभी. मग मी ब्रश ठेवला.

सासूबाई आल्या तेव्हा आम्ही निघून गेलो होतो. मला भीतीच वाटत होती. नंदूला विचारलं, आई काय म्हणाली? तो म्हणाला, आल्या आल्या कपाट बघितलं. दुपारचं जेवली आणि झोपली.

त्या वर्षी चवथीला आम्ही कारापूरला गेलो. घरात गणपतीवरची फळापानांची माटोळी बांधायची गडबड. शेजारच्या शेवंतीवयनी मदतीला आल्या होत्या. हातात ओलं फडकं घेऊन त्या इकडे तिकडे पुसत होत्या. कपाटापाशी आल्या आणि थबकल्या.

"अगे बाय! नव्या रंगार येदो डाग? आणि जावय म्हणे पेंटर!" त्यांनी माझ्याकडे बघून डोळा मिचकावला आणि फडकं पिळून हात उचलला.

चुलीपुढून सासूबाई उठल्या. हाताला नारळाचा चव तसाच. एवढ्या घाईनं त्यांना चालताना मी कधी बघितलं नव्हतं. त्यांनी शेवंतीवयनींचा हात धरला आणि बाजूला केला.

"ठेव ता फडका. तीस वर्सां मी पुसलंय गो, गेलो नाय तो. तू काय पुसतलंस!"